तयार गाण्याचा दिग्दर्शक

१. दिग्दर्शकाच्या हाती उरते काय?

चित्रपटाचा किंवा नाटकाचा दिग्दर्शक काय करतो याची ढोबळ कल्पना बहुतेक वाचकांना असते. म्युझिक व्हिडिओचा दिग्दर्शक म्हटला की मात्र एक शंका हमखास पुढे येते. गाणे आधीच लिहून, गाऊन आणि ध्वनिमुद्रित होऊन तयार असते, चित्रीकरणाच्या वेळी गायक नुसते ओठ हलवतो, वादक वाजवल्याचा आव आणतात, मग दिग्दर्शकाकडे करण्यासारखे उरते तरी काय, अशी ती शंका असते आणि ती रास्त आहे. गाण्याचे शब्द, चाल, लय आणि लांबी यांपैकी कशालाही त्याला हात लावता येत नाही. त्याच्याकडे एकच अधिकार असतो: कान एखादी गोष्ट ऐकत असताना डोळ्याने काय पाहावे आणि किती वेळ पाहावे, हे ठरवण्याचा. हा अधिकार दिसतो त्यापेक्षा बराच मोठा आहे, आणि तो सर्वांत कठीण परीक्षेला बसतो तो रॉक आणि मेटल या संगीतात.

रॉक म्हणजे विजेवर चालणारी गिटार, बेस गिटार आणि ड्रम यांच्या आधाराने उभे राहिलेले संगीत. १९७० च्या सुमारास बर्मिंगहॅमच्या ब्लॅक सॅबथसारख्या बँडांनी त्यातील गिटारचा आवाज अधिक जड, खरखरीत आणि काळोखा केला, तेव्हा त्याच्या पोटातून मेटल ही शाखा निघाली. या संगीताला पडद्यावर हक्काचे घर मिळाले ते १ ऑगस्ट १९८१ रोजी अमेरिकेत एमटीव्ही ही वाहिनी सुरू झाल्यावर. वाहिनीवर दाखवलेला पहिला व्हिडिओ बगल्स या बँडच्या १९७९ मधील गाण्याचा होता आणि तो दिग्दर्शित करणाऱ्या रसेल मल्काही यांनी पुढे १९८६ मध्ये ‘हायलँडर’ हा चित्रपट केला. तरीही व्हिडिओच्या कोपऱ्यात गाणे, बँड आणि ध्वनिमुद्रिका काढणारी कंपनी यांच्या नावांबरोबर दिग्दर्शकाचे नाव येऊ लागण्यासाठी १९९२ ची अखेर उजाडावी लागली. म्हणजे सुमारे अकरा वर्षे ज्यांचे काम घराघरांत दिवसरात्र पाहिले गेले, त्यांची नावे प्रेक्षकाला ठाऊकच नव्हती.

२. वाजवताना दाखवावे की गोष्ट सांगावी?

म्युझिक व्हिडिओचे दोन मुख्य प्रकार मानले जातात. पहिल्यात बँड वाजवताना दिसतो आणि दुसऱ्यात गाण्याला जोडून एखादी कथा किंवा कल्पना उलगडते. प्रत्यक्षात बहुतेक व्हिडिओ या दोहोंचे मिश्रण असतात. पॉप गायिकेने व्हिडिओभर एकही वाद्य हातात घेतले नाही तरी कोणाची तक्रार नसते, कारण तिथे आकर्षण आवाजाचे, नृत्याचे आणि व्यक्तिमत्त्वाचे असते. मेटलचा श्रोता वेगळा आहे. त्याला वाजवण्यातले कौशल्य मोलाचे वाटते, अनेकदा तो स्वतः गिटार शिकत असतो, आणि पडद्यावर ऐकू येणाऱ्या सुराशी गिटारवादकाची बोटे जुळत नसतील तर ते त्याच्या ताबडतोब ध्यानात येते. इतर संगीतात ओठ जुळले की भागते. इथे बोटेही जुळावी लागतात.

या श्रोत्याच्या मनात व्हिडिओबद्दल मुळातच अढी होती. मेटॅलिका या बँडने पहिले तीन अल्बम एकही व्हिडिओ न करता काढले आणि त्यांच्या चाहत्यांना त्याचा अभिमान वाटे. १९८९ मध्ये बँडचा पहिला व्हिडिओ, ‘वन’ या गाण्याचा, आला तेव्हा बिल पोप आणि मायकेल सॅलोमन या दिग्दर्शकांनी एका गोदामात बँडला कृष्णधवल रंगात, कोणताही डामडौल न करता वाजवताना टिपले आणि त्यात ‘जॉनी गॉट हिज गन’ या १९७१ च्या युद्धविरोधी चित्रपटातील दृश्ये गुंफली. युद्धात हातपाय, डोळे, कान आणि वाचा गमावलेल्या सैनिकाची ती कथा आणि समोर घाम गाळणारा बँड यांच्यात व्हिडिओ येरझाऱ्या घालतो. चाहत्यांची अढी बऱ्याच अंशी सुटली ती यामुळे, कारण वाजवणे अस्सल राहिले आणि कथाही सजावटीसाठी आणल्यासारखी वाटली नाही. हेच बिल पोप पुढे ‘द मेट्रिक्स’चे छायाचित्रकार म्हणून जगभर नावाजले गेले, ही गोष्टही लक्षात ठेवण्याजोगी आहे, कारण या धंद्यातील माणसे क्वचितच एका जागी थांबतात, आणि त्यामागचे कारण पुढे पैशांच्या हिशोबात दिसेल.

३. ड्रमवरून संकलनाच्या टेबलाकडे

या कामासाठी ठरीव शिक्षण नाही. कोणी छायाचित्रणातून येतो, कोणी जाहिरातींतून, कोणी चित्रकलेतून. स्वीडनचे योनास ओकरलुंड आले ते थेट मेटल बँडमधून, आणि म्हणूनच या व्यवसायाचा आलेख समजून घेण्यासाठी त्यांची कारकीर्द विशेष उपयोगी पडते.

ओकरलुंड यांचा जन्म १९६५ चा. १९८३ मध्ये स्टॉकहोमजवळ स्थापन झालेल्या बॅथरी या बँडचे ते पहिले ड्रमवादक होते. पुढे ज्याला ब्लॅक मेटल म्हटले गेले, त्या अतिशय वेगवान, कर्कश आणि मुद्दाम ओबडधोबड ठेवलेल्या उपशाखेच्या उगमाशी बॅथरीचे नाव कायमचे जोडले गेले आहे. १९८४ मध्ये स्कँडिनेव्हियातील बँडांच्या एका संग्रहात बॅथरीची दोन गाणी आली, त्यांत ड्रम ओकरलुंड यांचे आहेत. त्याच वर्षी निघालेल्या बँडच्या पहिल्या अल्बमपर्यंत मात्र ते बाहेर पडलेले होते. त्यानंतर चित्रीकरणाच्या धंद्यात शिरून ते संकलन शिकले, म्हणजेच चित्रित केलेले तुकडे कापून आणि जोडून त्यांतून सलग काही उभे करण्याचे काम शिकले.

त्यांचे सुरुवातीचे उल्लेखनीय काम म्हणजे कँडलमास या स्वीडिश बँडच्या ‘बिविच्ड’ या गाण्याचा व्हिडिओ. तो आज पाहिला तर तुटपुंज्या पैशांतला, किंचित हास्यास्पदही वाटतो. त्यातील गर्दीत एक तरुण दिसतो, पेर युंग्वे ओलिन नावाचा. हा तरुण लवकरच नॉर्वेच्या मेहेम या बँडचा गायक झाला, ‘डेड’ या टोपणनावाने ओळखला गेला आणि १९९१ मध्ये त्याने आत्महत्या केली. ओकरलुंड यांच्या कारकिर्दीत हे नाव पुन्हा येणार आहे.

४. ठोका आणि चौकट

ड्रमवादक संकलनाकडे वळला तर त्याचा काय लाभ होतो, हे थोड्या अंकगणिताने स्पष्ट होते. चित्रपटात एका सेकंदात २४ स्थिर चित्रे एकामागून एक दाखवली जातात. यांतील प्रत्येक चित्राला चौकट म्हणू. संगीताचा वेग मिनिटाला किती ठोके पडतात यावर मोजतात. समजा, एखाद्या रॉक गाण्यात मिनिटाला १२० ठोके आहेत. म्हणजे सेकंदाला दोन ठोके झाले आणि एका ठोक्याच्या वाट्याला १२ चौकटी आल्या. दर ठोक्याला दृश्य बदलले तरी प्रेक्षकाला प्रत्येक दृश्य अर्धा सेकंद दिसते, जे झटपट असले तरी ओळखता येते.

आता मेटलचे १८० ठोक्यांचे गाणे घेऊ. इथे सेकंदाला तीन ठोके, म्हणजे ठोक्याला ८ चौकटी. त्यातच ड्रमवादक दोन्ही पायांनी खालचा मोठा ड्रम वाजवू लागला आणि प्रत्येक ठोक्यात चार आघात करू लागला, तर सेकंदाला १२ आघात होतात आणि प्रत्येक आघाताला जेमतेम २ चौकटी मिळतात. दोन चौकटींचे दृश्य डोळ्याला नुसते चमकल्यासारखे भासते. प्रत्येक आघातावर कापायचे ठरवले तर पडद्यावर लुकलुकणाऱ्या प्रकाशाखेरीज काहीच उरणार नाही. म्हणून संकलकाला आघातांमधून निवड करावी लागते. चार ठोक्यांच्या आवर्तनात दुसऱ्या आणि चौथ्या ठोक्यावर स्नेअर हा कडक आवाजाचा ड्रम पडतो. फक्त त्यावर कापले तर प्रत्येक दृश्याला १६ चौकटी, म्हणजे दोन तृतीयांश सेकंद मिळतो. त्यातही सतत स्नेअरवर कापले की दृश्य कवायतीसारखे ठोकळेबाज होते, म्हणून कुठे ठोक्याच्या एक चौकट आधी, कुठे दोन ठोके सोडून, तर कुठे गिटारच्या ओढलेल्या सुराबरोबर पूर्ण आवर्तनभर एकच दृश्य धरून ठेवावे लागते. ठिपक्यांच्या रांगोळीत ठिपके आधीच मांडलेले असतात, पण कोणते ठिपके जोडायचे आणि कोणते रिकामे सोडायचे यावर आकृती ठरते. तयार गाण्याशी दिग्दर्शकाचे नाते तसे असते.

ही निवड करण्यासाठी ऐवजही भरपूर लागतो. चार मिनिटांचे गाणे वेगवेगळ्या कोनांतून चाळीस वेळा चित्रित केले, तर १६० मिनिटांचे चित्रण हाती येते आणि त्यातून अखेर चारच मिनिटे वापरली जातात. संकलनाच्या वेळी हे चाळीस पट्टे गाण्याच्या खाली एकाखाली एक असे लावून ठेवतात, जेणेकरून गाण्याच्या कोणत्याही क्षणी त्या क्षणाची चाळीस रूपे समोर असतात. गिटारच्या एकल वादनात नेमक्या त्याच सुराची बोटे दाखवणे शक्य होते ते यामुळेच.

५. वेळ ताणायचा, ओठ मात्र जुळवायचे

व्हिडिओत गायकाचे केस आणि कपडे संथपणे लहरत असतात, तरी त्याचे ओठ गाण्याशी अचूक जुळतात, हे कसे होते? चित्रीकरणाच्या जागी ध्वनिवर्धकावरून गाणे वाजवले जाते, त्याला प्लेबॅक म्हणतात. संथ दृश्यासाठी प्लेबॅक दुप्पट वेगाने वाजवतात, म्हणजे चार मिनिटांचे गाणे दोन मिनिटांत संपते. गायक त्या वेगाने ओठ हलवतो आणि कॅमेरा सेकंदाला २४ ऐवजी ४८ चौकटी टिपतो. हे चित्रण नंतर नेहमीच्या २४ चौकटींच्या वेगाने दाखवले की दोन मिनिटांचे चार मिनिटे होतात, ओठ मूळ गाण्याशी जुळतात आणि बाकी शरीर मात्र पाण्याखाली असल्यासारखे हलते. गाणे अर्ध्या वेगाने वाजवून सेकंदाला १२ चौकटी टिपल्या तर याच्या उलट होते: ओठ जुळतात आणि हालचाली झटकेदार होतात.

मेटलमध्ये ही युक्ती गायकापुरती चालते, ड्रमवादकापाशी अडते. १८० ठोक्यांचे गाणे दुप्पट वेगाने वाजवले तर ३६० ठोके होतात आणि त्या वेगाने दोन्ही पाय चालवणे माणसाच्या आवाक्याबाहेरचे आहे. म्हणून मेटल व्हिडिओत ड्रमवादक संथ गतीत दिसतो तेव्हा बहुधा उडालेली काठी, झांजेवरून उसळलेले पाणी किंवा हेलकावणारे केस दाखवतात, नेमका आघात टाळतात. नव्या प्रेक्षकाला ही शैली वाटते; तिच्या मुळाशी बऱ्याच वेळा अशी साधी अडचण असते.

६. पैशांचा हिशोब

व्हिडिओचा खर्च किती असतो याचे उत्तर ठरावीक नाही. सॅम्युएल बेयर यांनी १९९१ मध्ये निर्वाणा या बँडसाठी केलेला ‘स्मेल्स लाइक टीन स्पिरिट’ हा व्हिडिओ ५० हजार डॉलरच्या आत झाल्याचे सांगितले जाते, तर त्यानंतर वर्षभरातच अँडी मोराहान यांनी गन्स अँड रोझेस या बँडच्या ‘नोव्हेंबर रेन’वर सुमारे १५ लाख डॉलर खर्च केल्याचे म्हटले जाते. बेयर यांचा तो पहिलाच व्हिडिओ होता आणि प्रभावाच्या दृष्टीने तोच वरचढ ठरला, हे इथे नोंदवायला हवे.

दिग्दर्शकाला त्यातून काय मिळते ते एका उदाहरणाने पाहू. काम मिळवण्यासाठी त्याला प्रथम ट्रीटमेंट लिहावी लागते. ट्रीटमेंट म्हणजे गाण्यासाठी सुचलेली कल्पना, चित्रांचा पोत आणि प्रसंगांचा क्रम मांडणारे टिपण. ध्वनिमुद्रिका काढणारी कंपनी अशी टिपणे एकाच वेळी अनेक दिग्दर्शकांकडून मागवते आणि ज्यांची नाकारली जातात त्यांना सहसा काही मिळत नाही. समजा, निवड झाली आणि एकूण खर्च १ लाख डॉलर ठरला. दिग्दर्शकाचे मानधन साधारणपणे खर्चाच्या दहा टक्के धरतात, म्हणजे १० हजार डॉलर, आणि त्यात पूर्वतयारीपासून संकलन मान्य होईपर्यंतचे आठवडे येतात. खर्च वाढला तर हेच मानधन सर्वांत आधी कापले जाते. उरलेल्या रकमेतून कॅमेरे, दिवे, जागा, माणसे आणि निर्मितीसंस्थेचा वाटा निघतो. कंपनी व्हिडिओच्या खर्चाचा बराच भाग, अनेक करारांत निम्मा, पुढे बँडच्या उत्पन्नातून वळता करून घेते, त्यामुळे बँडही हात आखडता घेतो. गाणे जितक्या वेळा वाजेल तितक्या वेळा गीतकाराला आणि संगीतकाराला मानधन मिळत राहते. दिग्दर्शकाला, व्हिडिओ कोट्यवधी वेळा पाहिला गेला तरी, एकदाच ठरलेली रक्कम मिळते. ज्याच्या नजरेने ते गाणे लोकांच्या स्मरणात राहते त्याची मालकी त्यात जवळजवळ शून्य असते. या व्यवसायातील माणसे जाहिराती आणि चित्रपट यांच्याकडे का सरकतात याचे उत्तर या हिशोबातच आहे. त्याला मेटलच्या चाहत्यांनी गद्दारी म्हणणे भाबडेपणाचे होईल.

७. मेटलबाहेर आणि पुन्हा आत

ओकरलुंड यांनी १९९० च्या दशकात रॉक्सेट या स्वीडिश पॉप जोडीसाठी अनेक व्हिडिओ केले. १९९७ मध्ये द प्रॉडिजी या ब्रिटिश गटाच्या एका गाण्यासाठी त्यांनी लंडनमधील एक बेभान रात्र संपूर्णपणे एका व्यक्तीच्या डोळ्यांतून दाखवली. मद्य, मारामारी आणि नग्नता यांमुळे तो व्हिडिओ मध्यरात्रीनंतर दाखवावा लागला, आणि ती व्यक्ती पुरुष असावी असे गृहीत धरून बसलेल्या प्रेक्षकाला शेवटी आरशात स्त्री दिसते. पुढच्याच वर्षी द कार्डिगन्स या बँडच्या वाळवंटातील भरधाव मोटारीच्या व्हिडिओचे वेगवेगळे शेवट काढावे लागले, कारण मूळचा शेवट वाहिन्यांना पचेना. मेटलमध्ये वाढलेल्या माणसाला धक्क्याचे वावडे नव्हते. धक्का किती आणि कोणाला द्यायचा याची मोजदाद त्यांना वाहिन्यांच्या आक्षेपांनी शिकवली असावी.

१९९८ मध्ये मॅडोनाच्या ‘रे ऑफ लाइट’ने त्यांना जगभर नाव मिळवून दिले. त्यात शहरे वेगाने धावतात: मोटारी प्रकाशाच्या रेषा होतात, माणसे मुंग्यांसारखी पळतात, आणि गायिका या साऱ्यापुढे वेगळ्याच लयीत गाते. काही सेकंदांनी एकेक चौकट टिपून दीर्घ काळ आखडून दाखवण्याचे तंत्र इथे मुक्तपणे वापरले आहे. या तंत्राची ओळख अनेकांना ‘कोयानिस्कात्सी’ या १९८२ च्या माहितीपटापासून होती. एमटीव्हीचा त्या वर्षीचा सर्वोत्तम व्हिडिओचा पुरस्कार आणि पाठोपाठ ग्रॅमी त्याला मिळाला.

त्यानंतर ओकरलुंड केवळ पॉपमध्ये राहिले असते तर आश्चर्य वाटले नसते, पण त्याच वर्षी त्यांनी मेटॅलिकासाठी ‘टर्न द पेज’ केला. बॉब सीगर यांचे हे जुने गाणे फिरतीवर थकलेल्या वादकाचे आहे. ओकरलुंड यांनी वादकाच्या जागी लहान मुलीला घेऊन एका जागेहून दुसरीकडे हिंडणारी, शरीर विकून पोट भरणारी आई ठेवली. गाण्याचा एकही शब्द न बदलता त्याचा कर्ता बदलला, आणि पहिल्या भागात विचारलेल्या शंकेचे याहून स्वच्छ उत्तर मिळणे अवघड आहे. मोजक्या मिनिटांत काही सांगण्याची त्यांची हातोटी इथे शिगेला पोहोचली, असे म्हणता येते. २००२ च्या ‘स्पन’ या अंमली पदार्थांवरील चित्रपटात हीच हातोटी आड आली. व्हिडिओत झिंग आणणारे तुटक, चमचमते संकलन दीड तास सुरू राहिले की दमछाक होते.

जर्मनीच्या रामश्टाइन या बँडबरोबरचे त्यांचे काम याहून टिकाऊ ठरले. व्हिडिओंखेरीज २०१२ मध्ये पॅरिसच्या बेर्सी सभागृहातील बँडच्या मैफली ओकरलुंड यांनी चित्रित केल्या आणि ‘रामश्टाइन: पॅरिस’ हा चित्रपट २०१७ मध्ये पडद्यावर आला. मैफलीच्या चित्रपटात प्लेबॅक नसतो, चाळीस वेळा चित्रण करण्याची सोय नसते, आणि कॅमेरा वादकाच्या फार जवळ गेला तर तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकाच्या आड येतो. म्हणून जवळची दृश्ये मैफलीआधीच्या रंगीत तालमीत टिपून ती प्रत्यक्ष मैफलीत मिसळण्याचा मार्ग इथे वापरला गेला. चित्रपटाचे संकलन भडक आहे, काही प्रेक्षकांना ते अतिरेकी वाटेल, परंतु ज्वालांचे फवारे हाच ज्या बँडच्या सादरीकरणाचा भाग आहे तिथे संयमाची अपेक्षा चुकीच्या दारात ठेवल्यासारखी होते.

८. जुन्या ओळखीचा चित्रपट

२०१८ च्या जानेवारीत सनडान्स चित्रपट महोत्सवात ‘लॉर्ड्स ऑफ केऑस’ दाखवला गेला. हा चित्रपट मेहेम या बँडचा आणि १९९० च्या दशकाच्या आरंभी नॉर्वेत जाळल्या गेलेल्या लाकडी चर्चचा, तसेच १९९३ मध्ये बँडचा गिटारवादक युरॉनिमस याचा दुसऱ्या वादकाने केलेल्या खुनाचा आहे. विषय इतर दिग्दर्शकांनाही आकर्षित करणारा होता, पण ओकरलुंड यांना त्यातील एक पात्र ‘बिविच्ड’च्या गर्दीतून माहीत होते. डेडची भूमिका जॅक किल्मर या नटाने केली. या मंडळींना सैतानाचे दूत म्हणून न रंगवता, एकमेकांपुढे मोठे दिसण्याच्या नादात हाताबाहेर गेलेली पोरे म्हणून दाखवण्याचा पवित्रा दिग्दर्शकाने घेतला. ब्लॅक मेटलच्या काही कट्टर चाहत्यांना तो झोंबला. मात्र ‘स्पन’च्या तुलनेत इथली दृश्ये लांब आहेत आणि हिंसेच्या प्रसंगांत संकलनातील कापाकापी जवळजवळ थांबते, त्यामुळे त्या प्रसंगांतून प्रेक्षकाला पळवाट मिळत नाही.

चित्रपटाचे काम सुरू असतानाच, २०१६ मध्ये, त्यातील नटांना मेहेमच्या वेशात मंचावर उभे करून ओकरलुंड यांनी मेटॅलिकाच्या ‘मॅनअनकाइंड’चा व्हिडिओ केला होता; म्हणजे एका बँडचे गाणे दुसऱ्या बँडची सोंगे वाजवत होती आणि मेटॅलिकाचे चौघे पडद्यावर कुठेच नव्हते. २०१९ च्या अखेरीस ऑझी ऑस्बर्न यांच्या ‘अंडर द ग्रेव्हयार्ड’ या गाण्यासाठी, ब्लॅक सॅबथमधून काढून टाकल्यानंतर हॉटेलच्या खोलीत दारू आणि मादक पदार्थांत बुडालेला तरुण ऑझी दाखवायचा होता, तेव्हा त्या भूमिकेसाठी त्यांनी पुन्हा जॅक किल्मर यालाच बोलावले.